३.९ मोठे की ३.८५?

(आदिवासी मुलामुलींच्या वसतिगृहासाठी झालेल्या आभारसभेत, सायंवर्ग घेणाऱ्या एका स्वयंसेवकाने केलेले भाषण)



 मी काही वक्ता नाही आणि शिक्षकही नाही. एकतीस वर्षे मी दूध संकलन केंद्रावर नोकरी केली. पहाटे पाचला शटर उघडायचे, दूध मोजायचे, फॅट काढायची, वहीत लिहायचे. फॅट ३.५ ऐवजी ३.४ लागली की दर उतरायचा, त्यामुळे शेतकरी काट्याकडे आणि यंत्राकडे डोळे लावून उभे असायचे. एक दशांश म्हणजे काय, हे मला कोणत्या पुस्तकाने शिकवले नाही. त्या माणसांच्या चेहऱ्यांनी शिकवले.

निवृत्त झाल्यावर मंडळीतल्या एका वडीलधाऱ्या गृहस्थांनी विचारले, "सातपुड्यातल्या आपल्या वसतिगृहात मुलांचे गणित कच्चे आहे. महिन्यातले पंधरा दिवस जाऊन राहाल का?" मी हो म्हटले. त्याला आता तीन वर्षे झाली. नंदुरबार जिल्ह्यातल्या डोंगरपट्ट्यातली, पावरा आणि भिल्ल समाजाची ही मुले आहेत. पाचवी ते आठवीचा सायंवर्ग माझ्याकडे आहे. आज मी आपल्याला त्या वर्गातली फक्त एक गोष्ट सांगणार आहे. तीत चूक माझी आहे, हे आधीच सांगतो.

पण त्याआधी एक प्रश्न. ३.९ मोठे की ३.८५? मनातल्या मनात उत्तर द्या. हात वर करायला सांगत नाही, कारण मागे एका सभेत हात वर करायला सांगितले तेव्हा बरेच हात चुकीच्या बाजूला गेले होते, आणि त्यात पदवीधरही होते.

नऊपेक्षा पंच्याऐंशी मोठे, म्हणून ३.८५ मोठे, असे पटकन वाटते. आमच्या वर्गात पहिल्या वर्षी जवळजवळ प्रत्येक मुलाला तसेच वाटत होते. त्यात मुलांचा दोष नाही. आपण मोठी माणसे वाचतोच तसे, "तीन पॉइंट पंच्याऐंशी". दशांश चिन्हाच्या पुढचा आकडा आपण वेगळी संख्या असल्यासारखा उच्चारतो. मग मुलाला वाटते की चिन्हाच्या डावीकडे एक संख्या आहे, उजवीकडे दुसरी आहे आणि मध्ये एक ठिपका आहे.

आपल्या पिढीला ही अडचण फारशी आली नाही, कारण आपल्या खिशात पैसे होते. मी नोटांविषयी बोलत नाही, सुट्या पैशांविषयी बोलतो आहे. आपल्या देशात १ एप्रिल १९५७ पासून रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. त्याआधी सोळा आण्यांचा रुपया होता. पुढे वजनेही शेर-मणावरून किलोवर आली. आम्ही पाच पैशांची गोळी, दहा पैशांची पेन्सिल घेत मोठे झालो. रुपया पंचाहत्तर आणि दोन रुपये दहा यांत मोठे काय, हे आम्हाला कोणी शिकवावे लागले नाही. आता २५ पैसे आणि त्याखालची सगळी नाणी २०११ च्या जूनअखेर चलनातून गेली. आजच्या मुलाने रुपयाचा भाग हातात धरलेलाच नाही. त्याच्यासाठी दशांश चिन्ह पुस्तकात येते आणि पुस्तकातच राहते.

पण डोंगरातल्या मुलांना ते एका ठिकाणी भेटते, आणि तिथे त्याची किंमत मोजावी लागते. ते ठिकाण म्हणजे वजनकाटा. आठवडे बाजारात आमचूर विकायला नेली की काटा. मोह, चारोळी विकली की काटा. रेशन घेतले की काटा. अंगणवाडीत लहान बाळाला झोळीत टांगले की काटा. नीतिसूत्रांच्या पुस्तकात खोट्या तराजूविषयी काय म्हटले आहे, ते आपण सगळ्यांनी रविवारच्या शाळेत पाठ केले आहे. मी मात्र वेगळी काळजी घेऊन उभा आहे. तराजू अगदी खरा आहे, मापणाराही प्रामाणिक आहे, पण वाचणाऱ्याला आकडाच कळला नाही, तर?

आमच्या वर्गातले एक उदाहरण सांगतो. "वडिलांनी १२.५ किलो आमचूर बाजारात नेली. एका व्यापाऱ्याने ७.७५ किलो घेतली. किती उरली?" सातवीतल्या एका मुलाचे उत्तर आले ६.५०. मी चक्रावलो. त्याची पाटी पाहिली तेव्हा कळले. साधी वजाबाकी करताना आपण शेवटचे अंक एकाखाली एक लिहितो, तसे त्याने १२.५ मधल्या पाचाखाली ७.७५ मधला शेवटचा पाच लिहिला. चिन्ह विसरला. मग १२५ मधून ७७५ जाईनात, म्हणून त्याने उलटे केले, ७७५ मधून १२५ काढले. आले ६५०. शेवटी दोन घरे सोडून ठिपका दिला. झाले ६.५०. प्रत्येक पायरी त्याने कुठल्यातरी नियमानेच केली होती. मुले आळशी नव्हती. त्यांना नियम ठाऊक होते, आमचूर मात्र दिसत नव्हती.

मी त्याला म्हटले, "बरं, व्यापाऱ्याने घेतलेली आणि तुझ्याकडे उरलेली, दोन्ही पुन्हा एकत्र कर." त्याने ७.७५ आणि ६.५० मिळवले. १४.२५ आले. मी विचारले, "घरून किती नेली होती?" तो म्हणाला, "साडेबारा." आणि मग हसायला लागला. "सर, बाजारात नेल्यावर आमचूर वाढली!" त्या दिवशी तो जे शिकला ते मी शंभर वेळा सांगून शिकला नसता.

मग आम्ही तेच उदाहरण तोंडी केले. या मुलांना बाजारातले पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, पावणेदोन, अडीच चांगले ठाऊक असते. आपल्यातल्या ज्येष्ठांना पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी आठवत असेल. ते पाढे गेले, पण शब्द अजून जिवंत आहेत. मी म्हटले, "साडेबारातून पावणेआठ गेले." मागच्या बाकावरची मुलगी बोटे मोजत म्हणाली, "पावणेआठला पाव घातला की आठ. आठपासून साडेबारापर्यंत साडेचार. साडेचार आणि पाव, पावणेपाच." मग फळ्यावर लिहिले:

१२.५०
− ७.७५
= ४.७५

चिन्हाखाली चिन्ह, एककाखाली एकक, दशांशाखाली दशांश. जिथे शतांशाचे घर रिकामे तिथे शून्य. १२.५ ला १२.५० लिहिले म्हणून आमचूर वाढत नाही की कमी होत नाही. अर्धा किलो म्हणजे पाच दशांश, म्हणजेच पन्नास शतांश. एका रुपयाची मोड केली तसेच आहे. मुलांना मी सांगतो, घर रिकामे ठेवू नका, पाहुणा बसू शकेल असे शून्य मांडून ठेवा.

शून्याची आणखी एक गोष्ट आहे. वसतिगृहाच्या कोठीघरातली नोंदवही आम्ही मुलांकडे दिली आहे. दर शनिवारी डाळ, तांदूळ, तेल मोजायचे आणि लिहायचे. एका शनिवारी काट्यावर तूरडाळ ३.०८० आली. ज्याची पाळी होती त्या मुलाने लिहिले ३.८०. "मधल्या शून्याला काय किंमत?" असे त्याला वाटले. पुढच्या आठवड्यात दोन किलो डाळ शिजली. दुसऱ्या शनिवारी वेगळ्या मुलीची पाळी होती. तिने काट्यावरचे बरोबर लिहिले, १.०८०. वहीप्रमाणे असायला हवी होती १.८०. पाऊण किलोला थोडी कमी, नेमकी ७२० ग्रॅम डाळ गायब! स्वयंपाकाच्या मावशींकडे एक-दोघांनी वळून पाहिले. कोणी काही बोलले नाही, पण मावशींना ते कळले. संध्याकाळी त्या जेवल्या नाहीत. रात्री मी वही घेऊन बसलो तेव्हा ते पळालेले शून्य सापडले. तीन किलो ऐंशी ग्रॅम म्हणजे ३.०८०. ऐंशी ग्रॅम म्हणजे किलोच्या दहाव्या भागापेक्षाही कमी, म्हणून दशांशाच्या घरात शून्यच हवे. दुसऱ्या दिवशी तो मुलगा स्वतः उठून मावशींकडे गेला. काय बोलला ते मला माहीत नाही. त्या दिवशी मावशींनी त्याला दोनदा वाढले, एवढे मी पाहिले.

आता ती मुख्य गोष्ट.

दिवाळीच्या सुटीत मुले घरी जातात. मी त्यांना एक काम दिले होते. "घरातले, बाजारातले, रेशनचे, दवाखान्यातले, जिथे जिथे ठिपक्याचे आकडे दिसतील तिथून ते वहीत लिहून आणा आणि त्यांचे एकेक शाब्दिक उदाहरण तयार करा." मला स्वतःला हे काम फार आवडले होते. मुलांनी खरोखर छान उदाहरणे आणली. एकाने मक्याच्या पोत्यांचे आणले. एकाने जीपच्या डिझेलचे आणले. सहावीतल्या एका मुलीने लिहिले होते:

"माझ्या भावाचे वजन आधी ३.९ किलो होते. आता ३.८५ किलो आहे. तर त्याचे वजन किती वाढले?"

खाली तिने सोडवलेही होते. शेवटचे अंक एकाखाली एक मांडून ३८५ मधून ३९ काढले होते आणि उत्तर लिहिले होते, ३.४६ किलो वाढले.

समोर तीस वह्या होत्या. मी लाल पेन घेतले. तिची मांडणी खोडली आणि शेजारी लिहिले, "चिन्हाखाली चिन्ह घे. मोठ्या संख्येतून लहान संख्या वजा कर. ३.९० − ३.८५ = ०.०५." खाली बरोबरची खूण केली आणि पुढची वही घेतली.

बंधुभगिनींनो, मी गणित तपासले आणि बाळ वाचलेच नाही. एकतीस वर्षे ज्याने एका दशांशासाठी माणसांचे चेहरे उतरताना पाहिले, त्याने हे केले.

दोन दिवसांनी जेवणानंतर ती मुलगी माझ्याकडे वही घेऊन आली. म्हणाली, "सर, मग ०.०५ वाढलं का?" मी म्हटले, "काय ०.०५ वाढलं?" ती म्हणाली, "माझा भाऊ." मी वही हातात घेतली, तिचा प्रश्न पहिल्यापासून वाचला आणि माझ्या पोटात गोळा आला. आधी ३.९०, आता ३.८५. मूल पन्नास ग्रॅमने उतरले होते. वाढलेच नव्हते. मी तिला विचारले, "भाऊ केवढा आहे?" ती म्हणाली, "तीन महिन्यांचा."

आपल्यातल्या आयांना आणि परिचारिकांना मी सांगायची गरज नाही. बाळ जन्मल्यावर पहिले काही दिवस थोडे उतरते, ते चालते. पण दुसऱ्या-तिसऱ्या महिन्यात बाळाने महिन्याला अर्धा किलो किंवा त्याहून जास्त भरायला हवे. त्या वयात वजन जागच्या जागी राहिले तरी काळजीची गोष्ट, आणि इथे ते खाली आले होते. मी तिला बाकीचे आकडे विचारले. तिने सगळे लिहून आणले होते. जन्माला २.६, पहिल्या महिन्यात ३.३, मग ३.९, मग ३.८५. पहिल्यांदा ७०० ग्रॅम भर, मग ६०० ग्रॅम भर, आणि मग पन्नास ग्रॅम घट. आकडे पूर्ण गोष्ट सांगत होते. ऐकणारा मात्र बहिरा निघाला.

पुढे तिच्याकडून जे कळले त्याने मला जास्त वाईट वाटले. अंगणवाडीच्या ताईंनी त्यांचे काम चोख केले होते. वजन बरोबर घेतले होते, वाढीच्या तक्त्यावर ठिपका खाली काढला होता आणि बाळाला दवाखान्यात दाखवा असे सांगितलेही होते. पण घरी आल्यावर आजीने कार्ड नातीपुढे धरले. त्या घरात वाचता येणारी ती एकटी. तिने वाचले, "आधी तीन पॉइंट नऊ, आता तीन पॉइंट पंच्याऐंशी. वाढलंय." घरच्यांना हायसे वाटले. दवाखाना लांब, जीपचे भाडे, मका काढायचा राहिलेला. शिकलेली मुलगी सांगते आहे वाढले, मग कशाला जायचे? ते थांबले.

आपण नेहमी म्हणतो की एक मूल शिकले की घर शिकते. ते खरेच आहे, म्हणूनच भीतीही वाटते. घर त्या मुलाच्या शब्दावर चालते. आपण त्याला अर्धवट शिकवले, तर घर त्या अर्धवट शिकवणुकीवर चालते.

वसतिगृहाच्या बाईंनी त्याच रात्री फोन लावले. त्या पाड्यावर रेंज येत नाही. सकाळी पहिल्या जीपच्या चालकाकडे निरोप दिला, आणि दुपारपर्यंत तिथल्या आशाताई घरी पोचल्या. बाळाला आठ-नऊ दिवसांपासून जुलाब होत होते. आईचे दूध कमी झाले म्हणून पाणी घातलेले बकरीचे दूध पाजत होते. ग्रामीण रुग्णालयात नेले आणि तिथून पोषण पुनर्वसन केंद्रात ठेवले. आई दोन आठवडे बाळाला घेऊन तिथे राहिली. तिथल्या परिचारिकांनी आईलाही नीट खायला घातले, दूध पुन्हा चालू केले. त्या दोन आठवड्यांत आमच्या प्रार्थनेच्या वेळी मुले त्या बाळाचे नाव घेत, आणि मी मान वर करून बसू शकत नसे.

बाळ वाचले. केंद्रातून निघताना त्याचे वजन ४.१५ होते. देवाचे आभार मानतो, आणि ज्या हातांनी त्याने हे घडवले त्यांचेही आभार मानतो.

त्यानंतर मी शाब्दिक उदाहरणे शिकवण्याची पद्धत बदलली. ती आपल्याला सांगतो, कारण आपल्या घरीही मुले-नातवंडे आहेत आणि ती इंग्रजी शाळेत असोत की मराठी, ही चूक सगळीकडे सारखीच होते.

पहिली गोष्ट, आकडे झाकून उदाहरण वाचायचे. फळ्यावरच्या आकड्यांवर मी हात ठेवतो आणि विचारतो, "काय झालंय? कोण आहे? काय आलं, काय गेलं?" मुले आपल्या घरच्या भाषेत सांगतात. मला पावरी नीट येत नाही, तेव्हा एक मूल सांगते आणि दुसरे मला मराठीत समजावते. पुस्तकातली मराठी या मुलांची दुसरी भाषा आहे. "शिल्लक", "एकूण", "फरक" हे शब्द त्यांना अडतात. आधी मीच त्यांना युक्ती शिकवली होती, "एकूण दिसले की बेरीज, उरले दिसले की वजाबाकी." ती युक्ती आता बंद केली. "सकाळी आणि दुपारी मिळून एकूण १०.२५ किलो मोह वेचले. सकाळी ६.५ किलो वेचले होते. दुपारी किती?" यात एकूण आहे, पण वजाबाकी करावी लागते. उत्तर ३.७५. शब्द पाहून धावणारे मूल १६.७५ सांगते आणि त्याला काही वावगे वाटत नाही.

दुसरी गोष्ट, पेन्सिल उचलण्याआधी अंदाज. पाव, अर्धा, पाऊण या भाषेत उत्तर कुठे पडेल ते तोंडाने सांगायचे. आणि सर्वांत आधी, वाढले की घटले, एवढे सांगायचे. यासाठी मी किलोचे ग्रॅम करायला लावतो. ३.९ किलो म्हणजे ३९०० ग्रॅम. ३.८५ किलो म्हणजे ३८५० ग्रॅम. आता कोणीही चुकत नाही.

तिसरी गोष्ट, मांडणी. चिन्हाखाली चिन्ह आणि रिकाम्या घरात शून्य. वाचतानाही "पॉइंट पंच्याऐंशी" म्हणायचे नाही. "आठ दशांश, पाच शतांश" म्हणायचे.

चौथी गोष्ट, उत्तर पूर्ण वाक्यात लिहायचे आणि उलटे करून पाहायचे. नुसते "०.०५" हे माझ्याकडे आता उत्तर धरले जात नाही. कोणाचे, काय, किती, वाढले की घटले, हे सगळे लिहायचे. ही अट मुलांसाठी नाही, ती माझ्यासाठी आहे. वाक्य लिहिलेले असले की तपासणाऱ्याला ते वाचावेच लागते.

या पद्धतीने मागच्या महिन्यात एक उदाहरण झाले ते सांगतो. अन्नसुरक्षा कायद्याप्रमाणे प्राधान्य गटातल्या कुटुंबाला माणशी पाच किलो धान्य मिळते. सहा माणसांच्या घराला तीस किलो. मी उदाहरण दिले, "घरी आणलेल्या दोन पिशव्यांचे वजन १७.५ आणि ११.७५ किलो भरले. बरोबर आहे का?" पूर्वी याच बेरजेचे उत्तर १३.५० असे आले होते, शेवटचे अंक एकाखाली एक धरून. या वेळी एका मुलाने आधीच सांगितले, "सर, पहिलीच पिशवी साडेसतरा आहे, तर दोन्ही मिळून तेरा कशा होतील?" मग मांडणी केली, २९.२५ आले. तीसमधून वजा केले, ०.७५. वाक्य लिहिले, "पाऊण किलो धान्य कमी भरले." मी विचारले, "का कमी भरले?" वर्गात चर्चा झाली. पिशवी फाटकी असेल, वाटेत सांडले असेल, घरचा काटा बरोबर नसेल. गणित कारण सांगत नाही आणि कोणावर आरोपही करत नाही. पण नम्रपणे विचारायला जागा आहे, एवढे ते सांगते. बाजारात काट्यावर माल ठेवण्याआधी तिथे शून्य दिसते का ते पाहा, वैधमापनाचा शिक्का आहे का ते पाहा आणि आकडा मोठ्याने वाचा, हेही आम्ही शिकवतो. मोठ्याने आकडा वाचणाऱ्या गिऱ्हाईकाशी दुकानदारही आदराने बोलतो, हे मी माझ्या नोकरीत पाहिले आहे.

आपण वसतिगृहासाठी जे देता त्यातून मुलांच्या जेवणाची, कपड्यांची, पुस्तकांची सोय होते. त्याबद्दल मुलांच्या वतीने आभार मानतो. आज माझी मागणी लहान आहे. आम्हाला दोन चांगले वजनकाटे हवे आहेत. एक कोठीघरातला सपाट काटा, कारण आताचा कधी कधी अडतो, आणि एक टांगायचा काटा वर्गासाठी. मुलांनी स्वतःच्या हाताने दगड, बटाटे, पाण्याच्या बाटल्या तोलून आकडा वाचला पाहिजे. दुसरे, आपल्यापैकी ज्यांना हिशेबाचे काम येते, मग ते बँकेत असोत, किराणा दुकानात असोत की शिवणकाम करत असोत, त्यांनी वर्षातून आठ दिवस आमच्याकडे येऊन राहावे. शिक्षक असण्याची गरज नाही. आपल्या धंद्यातली खरी उदाहरणे घेऊन या. आणि तिसरे, माझ्यासारख्यांसाठी प्रार्थना करा की वही तपासताना वहीतले माणूस दिसावे.

शेवटी एक वही दाखवून थांबतो. नाताळच्या सुटीवरून मुले परत आली तेव्हा त्या मुलीने न सांगता एक उदाहरण लिहून आणले. मी या वेळी आधी प्रश्न वाचला, दोनदा वाचला. तिने लिहिले होते, "दवाखान्यातून येताना माझ्या भावाचे वजन ४.१५ किलो होते. आता अंगणवाडीत ४.६ किलो भरले. काय झाले?"

"किती वाढले" असे तिने विचारले नव्हते. विचारले होते, "काय झाले?" खाली मांडणी होती, ४.६० मधून ४.१५ वजा. शून्य जरा मोठे काढले होते. आणि त्याखाली पूर्ण वाक्य:

"माझा भाऊ ०.४५ किलो म्हणजे ४५० ग्रॅमने वाढला. आजीला मी सांगितले."

मी लाल पेन खिशातच ठेवले.